तिसऱ्या रांगेतलं हसू

प्रिय दत्तू,

उद्या सकाळी शाळेत तुझी शोकसभा आहे. चार शब्द बोलायला मला सांगितलंय. काही चुकू नये म्हणून गेल्या वर्षीची डायरी काढली आणि तुझ्या सत्काराचं पान उघडलं. माझ्या अक्षरात एवढंच आहे : ‘कार्यक्रम नीट पार पडला. चहा वेळेवर आला.’ हे खरं नाही. म्हणून आधी तुला लिहितोय.

नगरला कॉलेजच्या संमेलनात तू पहिल्यांदा उभा राहिलास, ते आठवतं? वसतिगृहाच्या आमटीत डाळ सापडल्याची बातमी तू तोंडावरची रेघ न हलवता सांगितलीस. हसावं की नाही, पोरांना कळेना. तिसऱ्या रांगेत मी हसत सुटलो, आणि मग सगळं सभागृह. तेव्हापासून प्रत्येक वेळी तू बजावायचास, “मध्या, तिसरी रांग. मला हसता येत नाही, ते काम तुझं.”

मुंबईत तू दिवसा कचेरी आणि संध्याकाळी नाटकाच्या तालमी करत राहिलास. दिग्दर्शक म्हणायचे, चेहरा हलव, मागच्यांना दिसत नाही. वीस वर्षं तू हवालदाराच्या आणि निरोप्याच्याच भूमिका केल्यास. मग टेलिव्हिजन आलं. कॅमेरा तुझ्या नाकासमोर उभा राहिला आणि तुझी नुसती एक भुवई साऱ्या मुंबईला दिसली. वयाच्या चाळिशीत! सभेत आभार मानणारा एक गृहस्थ तू तिथे उभा केलास; तो लोकांना आवडतो, हे मला पत्रातूनच कळायचं. आपल्या गावात, पुणतांब्यात कुठला टेलिव्हिजन? तू लिहिलं होतंस, “स्टुडिओत कुणी हसत नाही. कॅमेऱ्याच्या जागी तुझं तोंड आहे असं समजतो आणि सुरू करतो.”

गेल्या वर्षी, दुष्काळातल्या त्या उन्हाळ्यात, गावानं तुझा सत्कार ठेवला. मी मुख्याध्यापक, म्हणून अध्यक्षही मीच. तू तेच आभारप्रदर्शन सुरू केलंस. खुर्च्या आणणाऱ्यांचे आभार. त्या परत नेणाऱ्यांचे आगाऊ आभार. आपल्याकडची रीत अशी, की ज्याचं नाव येईल त्यानं उठून हात जोडायचे. माणसं उठत होती, हात जोडत होती, बसत होती. शेवटी तू म्हणालास, “आणि चहासाठी दूध देणाऱ्या म्हशीचे मी व्यक्तिशः आभार मानतो.”

बायकांमधून काशीबाई उठल्या. “म्हस माजी हाय. तिच्या वतीनं नमस्कार.”

कुणी हसलं नाही. चारा नसताना जगवलेली म्हैस होती ती. तिचे आभार लोकांना रास्तच वाटले, असं मी तेव्हा धरून चाललो.

तू माझ्याकडे बघितलंस. एकदाच. मला हसू आलं होतं, दत्तू. पोटात मावत नव्हतं. पण गळ्यात हार, समोर विद्यार्थी. मी खाली बघून कार्यक्रमपत्रिका वाचत राहिलो.

स्टेशनवर तू म्हणालास, “काशीबाई माझ्यापेक्षा भारी निघाल्या.” डब्यात चढताना म्हणालास, “तुला अध्यक्ष करायला नको होतं.” चेहऱ्यावर नेहमीसारखं काहीच नव्हतं. गंमत होती की राग? इतकी वर्षं तुझा चेहरा वाचणाऱ्या मला ते कळलं नाही. पत्रातून विचारू म्हटलं. चार मसुदे केले, एकही टपालात टाकला नाही. तूही पुन्हा गावी आला नाहीस. कामामुळे, असं मी समजत आलो. पण खरंच कामामुळे का रे?

काल काशीबाई शाळेच्या फाटकाशी भेटल्या. म्हणाल्या, “दत्तूभाऊ गेला म्हनं. माज्या म्हशीला मान दिला हुता त्यानं. घरी जाऊन लई हसलो आमी.”

मी विचारलं, “मग तिथं का नाही हसलात?”

“तुमीच त्वांड पाडून बसल्यालं, गुरुजी. अध्यक्ष हसंना, मग आमी कसं हसावं?”

म्हणजे सगळ्यांना कळलं होतं. सगळे माझीच वाट बघत होते.

पडद्यावरचा तू मला कधीच दिसला नाहीस, आणि आता दिसणारही नाहीस. पण उद्या मी अध्यक्षाच्या खुर्चीत बसणार नाही. तिसऱ्या रांगेतून उठेन आणि तुझं आभारप्रदर्शन म्हशीपर्यंत सगळं सांगेन. तुझ्यासारखं तोंड मला ठेवता येत नाही, मध्येच हसू फुटेल. शोकसभा असली तरी फुटू देईन. काशीबाईंना पुढे बसायला सांगितलंय. आणि परवा डायरीत जे झालं तेच लिहीन.

तुझा, तिसऱ्या रांगेतला,
मधू