आधी कार्डिओग्राम

१२ नोव्हेंबर, बुधवार. बनारस

आजपासून नवऱ्याचं पूर्ण नाव लिहिणार नाही. मो. एवढंच. आज तेवढीच लायकी आहे त्याची.

सकाळी पंचगंगा घाटावर गेलो. अवि (धाकटा भाऊ, इथे बँकेत, त्याच्याकडेच उतरलोय) निघताना म्हणाला होता, "ताई, तिथल्या पायऱ्या उभ्या आहेत, दाजींना जमेल ना?" झालं! असं विचारल्यावर दाजी पळतच उतरणार. उतरला. वर येताना घाटावरच्या मशिदीच्या भिंतीखाली थांबला, छातीवर हात, ओठ पांढरे. मी दंड धरायला गेले तर याचा तोल गेला, आणि आधाराला हाताशी काय आलं तर माझं मंगळसूत्र (यापुढे मं.सू.) तटकन तुटलं. काळे मणी उड्या मारत खाली पाण्यात. वाट्या तेवढ्या सापडल्या, पायरीच्या फटीत.

मी ओरडले, "अगं बाई, तुटलं!"

आणि हा, ज्याला धड श्वास घेता येत नव्हता, तो काय म्हणतो? "वाढवलं म्हण. तुटलं म्हणू नये."

तिथेच ढकलून द्यावा असं वाटलं. म्हटलं, घाम का आलाय? म्हणे ऊन आहे. नोव्हेंबरात ऊन! छातीत दुखतंय का? नाही, गॅस आहे, सकाळची कचोरी. मी दोन कचोऱ्या जास्त खाल्ल्या त्याच्यापेक्षा, मला नाही झाला तो गॅस.

घरी आल्यावर वैशालीने (अविची बायको) पिवळ्या दोऱ्यात हळकुंड बांधून गळ्यात घातलं. मो.ने स्वतः सांगितलं तिला. दिवसभर माझ्या गळ्याची चर्चा. याच्या छातीचं नाव काढायची सोय नाही.

१३ नोव्हें.

आज पुन्हा तेच. नवीन मणी हवेत. सराफाकडे तयार पोत मिळते, पण याला ती नको. "काशीत वाढवलंय, काशीतच समोर बनवून घेऊ." वैशाली म्हणाली, "रामनगरला एक उस्ताद आहेत, काचेचे मोती बनवतात. सामनेच बनवून देतात. मी पण तिथूनच आणते, एकदम बढिया." इथल्या आठ वर्षांत हिचं मराठी निम्मं हिंदी झालंय. गोड वाटतं ते, पण आज नाही वाटलं.

मी म्हटलं, वाटेत दवाखाना असेलच. मो. म्हणे, "मिरजेला गेल्यावर बघू."

मिरजेला! मिरजेत पावलापावलाला दवाखाना. लांबलांबून माणसं येतात तिथे बरं व्हायला. आणि हा जन्मापासून तिथे राहून साधं बी.पी. दाखवत नाही. कारण मला माहीत आहे. याचे थोरले भाऊ, नाना. अँजिओग्राफीला पायी गेले, वाटेत सगळ्यांना चहा पाजला, आणि टेबलावरून उठले नाहीत. तेव्हापासून हा डॉक्टर दिसला की रस्ता बदलतो. मला कळत नाही का? कळतं. पण म्हणून मी बघत बसू?

१५ नोव्हें., शनि.

रामनगर. अविने पुलावरून गाडीने नेलं. पुलावर मो. सारखा, "गंगा बघ, गंगा बघ." मी त्याच्याकडे बघत होते. रंग चांगला नाही.

कारखाना म्हणजे गल्लीतली एक खोली. चार माणसं, चार बर्नर. पंखा बंद, कारण वाऱ्याने ज्योत हलते. आत पाऊल टाकलं आणि भाजून निघाले. उस्ताद पन्नाशीचे, काळा चष्मा, तोंडात पान. काळ्या काचेची कांडी ज्योतीत धरायची, टोक मऊ झालं की माती लावलेल्या तारेवर फिरवून गुंडाळायचं, झाला मणी. बघता बघता तारेवर रांग लागते. छान होतं, उगाच खोटं कशाला लिहू. लग्नापासून गळ्यात घालतेय आणि हा काळा मणी कसा होतो ते आज पाहिलं.

मी मो.ला म्हटलं, बाहेर थांब, उकडतंय. ऐकेल तर मो. कसला!

शेजारच्या बर्नरवर अत्तराच्या कुप्या चालल्या होत्या. काचेची नळी तापवून एक टोक बंद करायचं, दुसऱ्या टोकातून फुंकायचं, की फुगते. उस्ताद येईल त्या प्रवाशाला एक फुंकायला देतात. "बाऊजी, एक आप भी फूँकिए. ले जाइएगा निसानी."

झालं. मो.ची छाती फुगली. "आमच्याकडे आरतीला शंख मीच वाजवतो," असं सांगितलं त्यांना, हिंदीत, हातवारे करून. मी म्हटलं नको. अवि म्हणाला नको. याने नळी तोंडाला लावली.

उस्ताद ज्योतीत नळी फिरवत होते. "जोर नाहीं बाऊजी, हल्के-हल्के. रुकिएगा मत." काच जरा फुगली. पेरूएवढी झाली असती. मधेच मो. थांबला. पुन्हा तोंड लावलं, पुन्हा थांबला. नळी सोडली, डावा दंड दाबून धरला आणि मटकन खाली बसला, तिथे काचेचे तुकडे पडलेत की काय तेही न बघता. काच वाकडी होऊन लोंबली.

तिघेही कारागीर हसले. उस्ताद म्हणाले, "अरे, बाऊजी का तो दम ही निकल गया!"

माझं डोकंच फिरलं. हसताय काय? माणूस पांढरा पडलाय, दिसत नाही? मराठीतच ओरडले. उस्ताद बिचारे घाबरले, पान थुंकून पाणी आणलं, पंखा लावला. सगळ्या ज्योती फडफडायला लागल्या, कुणाचं तरी हातातलं काम गेलं. मग आणखी कुरकुर. अविने सावरलं.

मो. पाणी प्यायला आणि पहिलं वाक्य, "नळी बारीक होती."

नळी! बारीक!

मणी लगेच मिळाले नाहीत. "रात भर राख में रहेगा, नहीं तो चटक जाएगा." अवि उद्या आणेल. परत निघालो. वाटेत दवाखान्याची पाटी दिसली, अविने गाडी हळू केली. मो. म्हणाला, "चल रे, पुढे चल." अवि माझ्याकडे बघायला लागला. गाडीतून उतरून याला ओढत नेता आलं असतं का? आलं नसतं. ऐंशी किलोचं गाढव.

१६ नोव्हें.

अविने मणी आणले. वैशालीने अंघोळ करून पाटावर बसून पोत ओवली, वाट्या घातल्या. सुंदर झालंय. जुन्यापेक्षा ठसठशीत मणी, चमक आहे. देवापुढे ठेवलं, हळदकुंकू लावलं. मो. सोवळ्यात! नवरदेवासारखा उभा, मं.सू. दोन्ही हातांत धरून. "ये, इकडे तोंड कर."

मी म्हटलं, "आधी कार्डिओग्राम."

"काय?"

"आधी कार्डिओग्राम, मग मं.सू." आणि गळ्यातलं हळकुंडही काढून पाटावर ठेवलं.

वैशालीने तोंडाला पदर लावला. "ताई, असं नका ना करू. कमसे कम धागा तरी राहू द्या." अवि म्हणाला, "ताई, डोकं शांत ठेव." मी म्हटलं, माझं डोकं शांत आहे, तुझ्या दाजींची छाती अशांत आहे. ती बघा आधी.

मो.चा चेहरा... लिहीत नाही. मला वाईट वाटलं, पण पाघळले नाही. माझा स्वतःचा या मण्यांवर विश्वास आहे की नाही, मला तरी कुठे माहीत आहे? पण त्याचा आहे. मग त्याच्याच विश्वासाने त्याला धरायचं. दुसरं काही हातात नाही माझ्या.

१७ नोव्हें.

मो. जेवला नाही. माझ्याशी बोलत नाही. मीही नाही. वैशाली दोघांना वेगवेगळा चहा देते आणि उसासे टाकते. दुपारी शेजारीण आली तर वैशालीने मला ओढणी दिली, "ताई, जरा गळ्याभोवती घ्या ना, लोक पूछतात." मी घेतली नाही. विचारू देत. सांगेन, नवरा हट्टी आहे म्हणून.

मो. जिना चढून गच्चीवर कपडे वाळत घालायला गेला होता, माझ्यावरच्या रागाने. खाली यायला किती वेळ लावला. मी जिन्याच्या खाली उभी, हाक मारायची नाही असं ठरवलेलं. हाक मारली. "आलो," म्हणाला. आवाज नेहमीसारखा. काडीचाही भरवसा नाही मला त्या आवाजावर.

१८ नोव्हें., मंगळ.

आज बोलला. सकाळी मी केस विंचरत होते, आरशात मागे येऊन उभा राहिला.

"घाल गं ते. तू अशी समोर आलीस की मला माझा फोटो दिसतो भिंतीवर. हार घातलेला."

"मग? मला रोज दिसतोय तो," मी म्हटलं. "घाटावर दिसला, रामनगरला दिसला. तुला आज दिसला होय?"

फणी आपटली मी. दात तुटले तिचे. रडले पण. रागाने रडले, हे इथे लिहून ठेवते, उगाच कुणी दुसरं काही समजायला नको.

मो. पलंगावर बसला. म्हणाला, "नानांसारखं झालं तर?"

म्हटलं, आणि दाखवलं नाही म्हणून झालं तर? तेव्हा मी कुणाशी भांडू?

तो उठला. मग बाहेर जाऊन अविला म्हणाला, "तुझ्या ओळखीचा कोणी डॉक्टर आहे का रे."

१९ नोव्हें., बुध. संध्याकाळ. दवाखान्यात

तोंडात शिव्या येताहेत. शेजारच्या पेशंटची आई माळ जपतेय म्हणून गप्प आहे.

कार्डिओग्राम काढला. डॉक्टरीण पोरसवदा, पण कागद बघून तिचा चेहरा बदलला ते मला दिसलं. पुन्हा काढला. मग रक्त. मग म्हणाली, घरी जायचं नाही. मो. म्हणे, "मिरजेला जाऊन..." तिने वाक्य पुरं करू दिलं नाही. "अंकल, मिरज क्या, नीचे पार्किंग तक पैदल नहीं जाना है."

तिने विचारलं, कबसे है ये? मी म्हटलं, आठवडा झाला. मो. जमिनीकडे बघत म्हणाला, "श्रावणापासून."

श्रावणापासून!

मग एकेक बाहेर पडलं. आमच्या घराचा जिना चढताना दम लागायचा, म्हणून हा मधल्या वळणावर थांबून फोनवर बोलायचा. मी वरून ओरडायचे, भाजी आण वर, बोलणं नंतर कर. फोन नसायचाच. कानाला नुसता लावून उभा राहायचा. मला कळू नये म्हणून. रिकाम्या फोनवर "हो, हो, ठीक आहे" म्हणत.

किती हाका मारल्या असतील मी त्या जिन्यात. कसलं मेलं नाटक, आणि कुणासाठी? माझ्यासाठी! मी काय परकी आहे? मला सांगायचं नाही तर कुणाला सांगायचं, त्या फोनला?

वैशाली डबा घेऊन आली, मं.सू.पण घेऊन आली. कबूल केलं होतं, घातलं. त्यालाच घालायचं होतं, पण हातात सुई टोचलेली, फासा लागेना. नर्स ओरडली, हाथ मत हिलाइए. शेवटी मीच मागे हात नेऊन लावला. "बरं झालं," म्हणाला. श्रावणापासून या शब्दावरच अडकलेय मी अजून.

उद्या सकाळी अँजिओग्राफी. अविने सही केली, मीही केली. मो.ने मात्र ते नाव ऐकलं आणि माझं मनगट धरलं ते सोडलंच नाही, आता झोपेतही धरलंय. डाव्या हाताने लिहितेय, म्हणून अक्षर असं.

घरी असतो तर आज याला असा झापला असता, असा झापला असता की बिल्डिंगने ऐकलं असतं. इथे मोठ्याने बोलता येत नाही. झोपायच्या आधी म्हणाला, मिरजेला गेल्यावर भांड. नाना गेले तसं तू जायचं नाही, हे मला त्याला सांगता येत नाही. म्हणून सकाळी आत नेतील तेव्हा एवढंच सांगणार आहे, की माझं भांडण अजून सुरूही झालेलं नाही, आणि ते ऐकायला तुला बाहेर यावं लागेल.