शनिवारची चाल

५ तारीख, रविवार
बाबांनी पुन्हा धुडकावून लावलं! आजोबांकडून आलेली शनिवारची ती प्रार्थना — तिची चाल आता फक्त बाबांच्या गळ्यात उरलीय. ती शब्बाथलाच, म्हणजे शनिवारच्या पवित्र विश्रांतीच्या दिवशीच म्हणायची, आणि शब्बाथला घरात कुठल्याही यंत्राला हात लावायचा नाही. मग मी चित्रीकरण करायचं कधी? म्हणाले, "नाही करायचं." संपला विषय.

सिनेगॉगला, आमच्या प्रार्थनामंदिराला, कुलूप लागल्यापासून शनिवारी चार शेजारी आमच्याच बैठकीच्या खोलीत जमतात. मी कोपऱ्यात कान टवकारून बसते. पण माझं आणि सुरांचं वाकडं. शाळेत समूहगीताला बाई मला नुसते ओठ हलवायला सांगायच्या.

८ तारीख, बुधवार
संकलक वैतागलाय. अख्खा माहितीपट आमच्या ज्यू लोकांच्या गाण्यांवर, आणि मुख्य गाणंच नाही. दिवे झाले, जुनी पुस्तकं झाली, कबरी तर किती! त्याला कुठल्या तोंडाने सांगू, की जगाला बोलतं करणाऱ्या बाईला घरात कोणी विचारत नाही?

बाबांचा आवाज फार बसलाय. भीती वाटते. ते गेले की चालही गेली, आणि मी हातात कॅमेरा धरून बघत राहणार.

११ तारीख, शनिवार
बाबा एका ओळीवर अडले. शेजारी उगाच पानं चाळत राहिले.

१५ तारीख, बुधवार
मिळाली!! जुन्या दिव्याचं चित्रीकरण करायला सकाळी बैठकीत कॅमेरा लावला होता. बाबा पांढरा सदरा घालून आले. दोन-तीनदा दाराकडे पाहिलं — लाजतायत, मला वाटलं. मग प्रार्थनेची शाल डोक्यावरून घेतली, डोळे मिटले आणि सुरू झाले. सबंध प्रार्थना! कुठेही न अडखळता. मध्येच एकदा डोळे उघडले, कॅमेऱ्याचा लाल दिवा दिसला. जरा बघत राहिले आणि पुन्हा मिटले. मी हुंदका दाबून धरला, आवाज टिपला जाईल म्हणून.

नंतर दिवसभर माझ्याशी बोलले नाहीत. माझ्यासाठी नियम मोडला, जड गेलं असणार. शेवटी विरघळलाच माझा म्हातारा!

१६ तारीख, गुरुवार
चहा दिला, तर बाबांनी कप बाजूला सारला.

"काल शब्बाथला, माझ्या घरात, तू यंत्र चालू ठेवलंस. प्रार्थना मध्येच तोडता येत नाही, म्हणून गप्प राहिलो." मग हळूच, "आणि आपली माणसं कशी गं कोणीच आली नाहीत?"

काल बुधवार होता.