मशीन टाके सोडतंय, काय करू?

ती. साडूभाऊ यांना साष्टांग नमस्कार. तुमचा खोकला आता बरा असेल. ताईंच्या गुडघ्याचं विचारत नाही, कारण परवाच फोनवर कळलं की त्या तीन जिने चढून गच्चीत कपडे वाळत घालून येतात. ऐकून फार आनंद झाला. (खोटं कशाला बोलू, थोडा रागही आला. त्या गुडघ्याच्या सेवेसाठी पंधरा दिवस म्हणून आलेली तुमची मेव्हणी, म्हणजे आमची ही, आठ महिने झाले तरी तिकडेच आहे. गुडघा चालायला लागला, पण ती काही इकडे चालायला लागली नाही.) मी मजेत आहे. चहा जमतो, बाकी जे काही होतं त्याला मी जेवण म्हणतो.

तुम्हाला हसू येईल, पण मी लेखक झालोय. चाळीस वर्षं शिलाई मशीनं दुरुस्त करणाऱ्या आणि पावतीवर सहीपलीकडे काही न लिहिणाऱ्या माणसाची आता स्वतःची वेबसाइट आहे. झालं असं, की मागे फोनवर मी तुमच्या मेव्हणीला सहज विचारलं (सहज म्हणजे दोन दिवस तयारी करून), की सोबत नेलेलं हातमशीन कसं चालतंय. ते मशीन तीन वर्षं बिघडलेलं होतं. गावभरची मशीनं मी सरळ केली आणि घरातल्याला मात्र दर वेळी 'उद्या बघतो'. ती शांतपणे म्हणाली, आता काही अडलं की मी फोनला विचारते, तो लगेच सांगतो, उद्या म्हणत नाही. मग मी जेवलो का ते तिने विचारलं आणि फोन ठेवून दिला. साडूभाऊ, भांडली असती तर बरं वाटलं असतं. दुकानात बसून मी दिवसभर विचार केला आणि ठरवलं की ती मला विचारणार नसेल, फोनलाच विचारणार असेल, तर आपणच फोनच्या आत जाऊन बसायचं.

समोरच्या झेरॉक्सवाल्याने वेबसाइट काढून दिली आणि गुरुमंत्रही दिला, की एकच शब्द जितक्या वेळा लिहाल तितकं तुमचं पान वर येईल. मी मान डोलावली आणि लेख लिहिला. नाव ठेवलं 'शिवणयंत्राच्या व्याधी व त्यांवरील उपचार'. सुरुवात आदिमानव पानं गुंडाळत होता तिथून केली, त्यामुळे सुईपर्यंत यायला तेरा परिच्छेद लागले. त्यातही वाक्यं अशी, की 'शिलाई मशीन दुरुस्ती करताना शिलाई मशीन दुरुस्ती करणाऱ्याने शिलाई मशीन दुरुस्तीकडे लक्ष द्यावे'. एका लेखात एकेचाळीस वेळा. (मी मोजलं नाही, नंतर एका जाणकार बाईंनी मोजलं आणि पाणी मागितलं.) फोटोही काढले, पण प्रत्येक फोटोत मशीनपेक्षा माझा अंगठा मोठा आला. सहा आठवडे ते पान कुठेच सापडेना. तेवढ्यात एकदा दुकानाचा फोन वाजला आणि मी धावलो, तर पलीकडच्या बाईंचं कपडे धुवायचं मशीन नाचत होतं. मी त्यांना सुई बदलायला सांगितली. त्यांनी मला जे सांगितलं ते लिहीत नाही.

पाणी मागणाऱ्या बाई म्हणजे आमच्या वरच्या मजल्यावर राहतात त्या. कंपन्यांची पानं सर्चमध्ये वर यावीत म्हणून लिहिणं हाच त्यांचा पोटापाण्याचा उद्योग. त्यांनी माझा लेख वाचून चष्मा काढला, पुसला, परत घातला, आणि लेख तसाच आहे हे पाहून खुर्ची ओढून बसल्या. म्हणाल्या, काका, सर्चच्या मशीनसाठी लिहू नका, माणसासाठी लिहा. ज्याचं अडलंय तो माणूस डोळ्यांसमोर आणा. त्याचा प्रश्न त्याच्याच शब्दांत वर घाला आणि उत्तर पहिल्याच ओळीत द्या. इतकं सोपं. मी लगेच कागद घेतला, आणि तिथेच घोडं अडलं. अडलेला माणूस डोळ्यांसमोर होता. प्रश्न काही आठवेना. तीन वर्षं ती स्वयंपाकघराच्या दारात येऊन, हातात अर्धी शिवलेली उशीची खोळ धरून मला काहीतरी सांगायची, आणि तिचं वाक्य पुरं व्हायच्या आत मी उद्यावर ढकलून मोकळा व्हायचो. दोरा तुटतो म्हणायची, की टाके सुटतात? खालचा दोरा, की वरचा? नव्या कापडावर, की धुतलेल्या? मी तिचा प्रश्न एकदाही शेवटपर्यंत ऐकला नव्हता. त्या दिवशी मी दुकान लवकर बंद केलं.

मग काय, तिला येऊ शकतील तेवढे सगळे प्रश्न मी एकेक करून लिहून काढले. 'मशीन टाके सोडतंय, काय करू?' हा पहिला. पहिली ओळ, 'सुई काढून नीट बसवा, दहापैकी सात वेळा दोष तिचाच असतो'. एकोणीस लेख झाले. बाईंनी ते लहान करवून घेतले, अंगठा हद्दपार केला, आणि साडूभाऊ, पान हलायला लागलं. सहाव्या पानावर आलं, मग तिसऱ्यावर, मग पहिल्या पानावर नववं. मी दिसेल त्याच्या फोनवर तपासायचो. दातांच्या डॉक्टरकडे रांगेत बसलेल्या अनोळखी माणसालाही गळ घातली. (त्याचा गाल सुजलेला होता, नाही म्हणता आलं नाही.) गेल्या महिन्यात पान पहिल्या क्रमांकावर आलं. कुठकुठून लोक फोन करून आभार मानतात. एक आजीबाई रडल्या. आमचंच गिऱ्हाईक मात्र निम्मं झालं, कारण आता सगळे माझं वाचून घरच्या घरी दुरुस्त करतात. मी रिकाम्या दुकानात जगाला सुई बसवायला शिकवत बसलोय आणि ज्या एका माणसाने विचारावं म्हणून हा सगळा खटाटोप केला तिने विचारलंय की नाही, ते कळायला काही मार्ग नाही. घर फार मोठं वाटतं हो. दोनच खोल्या आहेत, पण आवाज दिला तर उत्तर येत नाही.

असो. ताईंना नमस्कार. जिने जपून चढा म्हणावं.

तुमचा धाकटा साडू

ता. क. पत्र लिहिण्याचं खरं कारण राहिलंच. तुमच्या मेव्हणीच्या फोनवर तो लेख वर दिसतो का, तेवढं गुपचूप बघाल का? लेखाखाली माझं नाव नाही, पण दुकानाचा नंबर आहे आणि तो तिला पाठ आहे. 'परत ये' हे मला फोनवर बोलता येत नाही. एकोणीस लेखांत मिळून तेवढंच लिहिलंय.

ता. क. दुसरा. पाकीट चिकटवत होतो, तेवढ्यात वरच्या बाई धावत खाली आल्या. पहिल्या लेखाखाली कोणीतरी विचारलंय, 'सांगितलं ते सगळं केलं, तरी टाके सुटतात. कारागीर घरी येऊन बघतात का?' नाव नाही, गाव नाही. बाई म्हणाल्या, काका, हजारो लोक वाचतात, कोणीही असेल. असेल. मी 'येतात' एवढं उत्तर लिहिलंय आणि रविवारच्या गाडीचं तिकीट काढलंय, दुपारी पोचतो. मशीन खरंच बिघडलेलं असेल तर तोवर कोणालाही हात लावू देऊ नका. आणि प्रश्न भलत्याच कोणाचा असेल, मशीन झकास चालत असेल, तर रविवारी सकाळी तिचं लक्ष नसताना सुई जरा ढिली करून किंचित फिरवून ठेवा. दारात उभं राहिल्यावर मला बोलायला काहीतरी हवं.