किल्ली माझ्याकडे

१५ सप्टेंबर, सोमवार

नववीचे माझे मराठीचे तीन तास गेले. तिथे आता कोडिंग! बदल्यात नवी लॅब दिली – म्हणजे तिची किल्ली. मुख्याध्यापक म्हणाले, "शिकवायचं काही नाही, मॅडम. फक्त सांभाळा." दारावर फलक: 'उद्यासाठी सज्ज पिढी'. आत एक यंत्र. प्लास्टिकच्या तारेतून वस्तू छापतं म्हणे. त्यावरचं वेष्टन पाहुणे येईपर्यंत काढायचं नाही. मुलांनी हाताची घडी घालून बघायचं.

मग ती काय शिकतात? कळत नाही. विचारलंही नाही.

१९ सप्टेंबर, शुक्रवार

नववीतली दामिनी मागे लागली आहे. तिचे वडील नत्थू सक्करदऱ्याला कूलर दुरुस्त करतात. टाकीतलं पाणी संपलं की कूलरचा पंप जळतो. हिने स्विच केला आहे – पाणी संपलं की पंप आपोआप बंद. ११ ऑक्टोबरला सदर भागात विज्ञान प्रदर्शन आहे, तिथे मांडायचा. पाण्यावर तरंगायला औषधाची बाटली लावली, पण ती कलंडते.

"मॅडम, बाटलीच्या जागी मले एक डबी छापू द्या ना. इत्तीशीच."

मागच्या बाकावरून वैभवी: "आली कूलरवाली इंजिनिअर!"

"तुह्या घरचा पंप जळला तं माह्याच बापाकडे येशीन, याद ठेव!"

वर्ग हसला. वैभवीही. मी 'शांतता' म्हणाले. काय बिघडत होतं?

२३ सप्टेंबर, मंगळवार

मुख्याध्यापक सरांना डबीचं विचारायचं होतं. विचारलं नाही.

१ ऑक्टोबर, बुधवार

खांडेनवमी. "लॅब तुमची, पूजा तुमची," सर म्हणाले. पूजेसाठी मात्र वेष्टन काढलं! हळद-कुंकू, झेंडू, अक्षता. शिपाई गोविंदा म्हणाला, "पोटातही टाका ना मॅडम, काम तं तिथंच करते ते." टाकल्या. फोटो निघाला. फोटोत मी बरी दिसते.

३ ऑक्टोबर, शुक्रवार

पाहुणे आले. सरांनी बटण दाबलं. यंत्र घरघरलं आणि थांबलं. पाहुण्यांनी फलकासमोर फोटो काढून घेतला. चहा. गेले.

दुरुस्तीला कंपनीचा माणूस दिवाळीनंतर येणार. तोवर कुलूप.

दामिनी खिडकीला नाक लावून उभी. "मॅडम, तांदूळ फसला आहे. दिसून राहिला."

माझेच तांदूळ.

६ ऑक्टोबर, सोमवार

शाळा सुटल्यावर दामिनी बापाचा पेचकस घेऊन आली. "खोलू?"

मी हो म्हटलं नाही. कुलूप मात्र मीच काढलं.

कविता उलगडून दाखवताना मी कुणाला विचारते? पण कविता बिघडत नाही. – की बिघडते? आजवर हा प्रश्न पडला नव्हता.

तिने चिमट्याने तांदूळ काढले. ओल्या हळदीचा थर कापसाने पुसला. एक स्क्रू घरंगळत कपाटाखाली गेला. दोघी फरशीवर आडव्या. "मॅडम, तुमची साडी!" सापडला. झाकण. बटण.

चाललं! टाळी कुणी वाजवली? मीच.

पहिली डबी वाकडी आली. मला वाटलं, रडेल. ती म्हणाली, "उद्या पुन्हा."

८ ऑक्टोबर, बुधवार

सरांनी झाकणावरचे पेचकसाचे ओरखडे पाहिले; काल दामिनीला लॅबमधून निघतानाही पाहिलं होतं. "वॉरंटी गेली! एका मुलीच्या हातात दिलंत हे?"

"ते बिघडलं होतं, सर. पूजेत."

"पूजेने मशीन बिघडतं, असं म्हणणं आहे तुमचं?"

काय म्हणणं आहे माझं?

मग सरांचा आवाज मऊ झाला. "चूक आमचीच. तुम्ही साहित्याच्या. तुमचे तीन तास परत देतो. किल्ली उद्या ऑफिसात जमा करा."

तीन तास! एवढंच तर हवं होतं. आनंद व्हायला हवा. शोधते आहे.

जिन्यात दामिनी भेटली. "मॅडम, कालची बी तिरपी तरंगली. आता बूड जड करून पाहतो. उद्या होते पा!"

तिला किल्लीचं सांगितलं नाही.

९ ऑक्टोबर, गुरुवार

सरांना सांगितलं, किल्ली हरवली. ते म्हणाले, "मग तासांचंही नंतरच बघू." कुलूपवाला सोमवारी येणार. प्रदर्शन शनिवारी.

हे लॅबबाहेरच्या जिन्यात बसून लिहिते आहे. कुणी आलं तर खोकायचं, असं दामिनीशी ठरलं आहे. आत यंत्र चालू आहे.