पडद्याआडची नाडी

६ बहमन १३२८ फसली (इ.स. १९१८), औरंगाबाद

आलो एकदाचा! रोटेगावापासून आगगाडीत अंग आंबून गेलं, पण दवाखाना पाहिला आणि शीण पळाला. पुढं डेरेदार लिंब, दोन हवेशीर खोल्या, आणि दारावर 'डॉक्टर बद्रीनाथ' अशी पाटी. हैदराबादेत घासलेल्या वर्षांचं चीज झालं. तिकडं वैजापुरात आई गल्लीभर पेढे वाटत असेल.

फकिरा नावाचा कंपाउंडर आहे. त्याची निम्मी नोकरी मिशांना पीळ देण्यात जाते, पण माणूस लाख. बायकांना तपासायची इथली रीत मात्र न्यारी. मध्ये जाड हिरवा पडदा, त्याला हात बाहेर येण्यापुरती फट. रोगी पलीकडं, मी अलीकडं. फटीतून हात येतो, मी नाडी बघतो. छाती ऐकायची तर नळीची टोकं माझ्या कानात आणि दुसरं टोक पडद्याखालून जमिलाबी दाईकडं. ती ते रोग्याच्या छातीला लावते. सकाळी हसू आवरेना. दुपारपर्यंत सवय झाली.

९ बहमन

आता हातच चेहऱ्यासारखे वाटतात. हा जात्यावरचा, हा हिमरू कापडाच्या मागावरचा, हा नव्या नवरीचा. तीन बोटं टेकली की निम्मा रोग कळतो. फकिरा म्हणाला, "साहेब, तुमच्या बोटांत लई गुण हाय." मीही नाही कशाला म्हणू?

१४ बहमन

शहरात उंदीर पडू लागलेत. गाठीचा ताप आला. हिमरूचे व्यापारी गयासमियाँ यांनी घरी बोलावलं. त्यांची बायको गौहर तापानं फणफणली आहे, वय जेमतेम वीस. तिथंही पडदा. हात नाजूक, मनगटावर चिंचोक्याएवढा भाजल्याचा जुना डाग. नाडी बघून झाली तरी तिनं माझं बोट सोडलं नाही. जमिलाबीकरवी विचारलं, मी वाचेन ना? म्हटलं, माझ्या हातात हात दिलाय, आता काळजी कसली. मग तिनं बोट सोडलं.

१७ बहमन

गौहर गेली. वाईट वाटलं.

सकाळी बोलावणं आलं. जमिलाबीची लेक आजारी, म्हणून ती नव्हती. एका म्हातारीनं ओढणीत धरून गौहरचा हात फटीतून बाहेर दिला. गार. नाडी लागली नाही. नळी आत द्यायला हवी होती, पण गाठीच्या भयानं तिला कोणी शिवेना आणि इकडं दवाखान्यात रोगी खोळंबलेले. संपलं, असं सांगितलं, हात हळूच आत सारला आणि निघालो. दुपारच्या आत दफन झालं.

दिवस मावळायच्या आधी अन्सार आला. तो कबरी खोदतो. म्हणाला, कबरीतून ठोकल्याचा आवाज येतोय. गयासमियाँना सांगितलं तर ते म्हणाले, डॉक्टरसाहेबांना विचार, ते म्हणतील तसं करू. मी त्याला समजावलं की नवी माती दबते तेव्हा असा आवाज होतो. झोपेचं औषध देऊन वाटेला लावला. तो गेल्यावर फकिरा आणि मी पोट धरून हसलो.

१९ बहमन

जमिलाबी कामावर आली. दुपारी तिनं पलीकडून सांगितलं, आता कोणी नाही. तरी फटीतून हात आला. सवयीनं बोटं टेकवली. गार होता. मनगटावर चिंचोक्याएवढा डाग. नखं तुटलेली, त्यांत माती.

मी पडदा ओरबाडून बाजूला केला. पलीकडं जमिलाबी एकटीच, फरशी पुसत होती.

भीती वाटते, खोटं कशाला लिहू.

२० बहमन

जमिलाबीनं सहज विचारलं, "गौहर की छाती सुनी थी ना, साब?" मी हो म्हणालो.

हैदराबादेत पहिल्याच वर्षी शिकवलं होतं. अंग गार पडतं, मनगटात नाडी लागत नाही, तरी छातीत धुगधुगी असते. छाती ऐकल्याशिवाय माणूस मेला म्हणू नये. मला पाठ होतं.

आज हात पुन्हा आला. मी शिवलो नाही. तो तसाच वाट बघत राहिला.

२१ बहमन

गयासमियाँ घर बंद करून बिडकीनला गेलेत. मी अन्सारला घेऊन कबरस्तानात गेलो. भर उन्हात त्यानं माती काढली, खड्ड्यावर आडवी घातलेली एक फरशी सरकवली.

फरशीला आतून ओरखडे. कफन हातापाशी फाटलेलं.

अन्सारनं माझ्याकडं पाहिलं नाही. एवढंच म्हणाला, "मैं आया था ना, साब."

मी मारलं तिला. एकदा पडद्याशी, आणि एकदा हसून.

२२ बहमन

पडदा जाळला. फकिरानं नवा लावला — बायका त्याशिवाय यायच्या नाहीत, त्याचं काय चुकलं. नव्या पडद्यातूनही —

माफी मागितली. हात हलला नाही. काय हवंय तिला?

२३ बहमन

ताप. काखेत गाठ. दवाखान्यातच खाट टाकली आहे. येणाऱ्यांना दिसू नये म्हणून फकिरानं खाटेभोवती पडदा बांधला. तोच नवा, फटीचा. नको म्हणालो — ऐकलं नाही.

आता मी पलीकडं.

२४ बहमन

आवाज फुटत नाही. अंग गार. उजवा हात तेवढा चालतो.

डावा फटीतून बाहेर ओढला कोणीतरी. तीन बोटं मनगटावर. मातीचा वास. फकिराला दिसत नाही का ती? त्यानंही माझं मनगट चाचपलं — नळी तिथंच खुंटीला आहे, फकिरा, नळी —

तिनं बोटं उचलली. माझा हात हळूच आत सारला. मी सारला होता तसाच.

फकिरा रडतोय. कोणाला तरी लाकडं आणायला सांगतोय. अरे मी लिहितोय. पडदा उघड. छाती ऐक रे, छाती —