भूकंपाने थांबलेला सामना

शुक्रवार, संध्याकाळ

रेवाला सॅन फ्रान्सिस्कोत नोकरी मिळाली आहे. होकार उद्या कळवायचाय. तिकडे सगळे बेसबॉलवेडे, म्हणून चहाच्या वेळी ती त्या खेळाचे किस्से वाचून दाखवत होती. एकोणीसशे एकोणनव्वदची त्यांची सर्वांत मोठी मालिका. तिसरा सामना सुरू होणार, स्टेडियम खच्चून भरलेलं, आणि भूकंप! सामना दहा दिवस पुढे गेला.

"अन् मजा ऐक आई, सामना पाहायला लोक लवकर घरी गेले, म्हणून रस्ते रिकामे होते. मोठा उड्डाणपूल कोसळला, तरी कित्येक जण वाचले!"

मजा? मला आमचा जबलपूरचा सत्त्याण्णवचा भूकंप आठवला. घमापुरातली आमची सगळी गल्ली कितीतरी दिवस बाहेर खाटा टाकून झोपायची. अजूनही मी झोपताना कपाटावर स्टीलचे पेले एकावर एक रचते. जमीन हलली तर वाजतील.

"तिथं जमीन हलते, तरी काहून जाऊन राहिली?" मी विचारलं.

"अच्छा! अन् इथं हलली तेव्हा तू जबलपूर सोडलं?"

तिचे बाबाही हसले.

तेव्हापासून चैन नाही. दहा दिवसांनी लोक त्याच स्टेडियममध्ये परत जाऊन बसलेच ना? आम्हीही घरात परतलोच. मग मला भीती भूकंपाची आहे का? नाही. ती गेल्यावर या घरात मी काय करू, हे मला कळत नाहीये. एवढं जरी तिला सांगितलं, तरी ती थांबेल.

म्हणूनच सांगता येत नाही.