लेबलावरची दुसरी बाई

आई,

काल कोर्टानं मनाई हुकूम दिला. दुपारी वकिलांनी फोन करून खात्रीनं सांगितलं: उखळात शेंगदाणे कुटणाऱ्या दोन बायांचं चित्र मावशीला यापुढं तिच्या चटणीच्या पाकिटावर छापता येणार नाही. आपल्या पाकिटासारखाच पिवळा कागद, लाल अक्षरं, तेच चित्र. गिऱ्हाईक सहज फसेल, असं कोर्टाला वाटलं. "जिंकलो, मॅडम," ते म्हणाले. मी ग्राइंडर बंद करायला सांगितला.

तू गेल्यावर मी मशीन आणलं आणि तुझ्याबरोबर इतकी वर्षं चटणी कुटत आलेल्या मावशीला पाकिटं भरायला बसवलं. वर्षभर तिनं भरली, मग वैरागला जाऊन स्वतःची चटणी कुटू लागली. नाव वेगळं ठेवलं, चित्र मात्र हेच. आपलं स्वयंपाकघर डोळ्यांपुढं येतं. एकाच उखळात दोघींची मुसळं. तुझं वर गेलं की तिचं खाली. चटणी तू मुठीत दाबून बघतेस, तळहाताला तेल सुटलं नाही तर पुन्हा कुटायला लावतेस. लेबलासाठी पेंटर आला त्या दिवशी तू पदर सावरून उभी राहिलीस आणि मावशी बाजूला सरायला लागली. तू तिच्यावर ओरडलीस, "थांब की गं! एका मुसळानं कदी चटणी झाली का आपली?"

"माजं त्वांड बगून कोण घील वं अक्का?"

"लई तिखट असणार म्हणून घेतील की!"

दोघी इतक्या हसलात, की पेंटरला हात थांबवावा लागला.

खटल्याच्या पहिल्या तारखेला कोर्टाच्या जिन्यात मावशीनं माझं मनगट धरलं. म्हणाली, "लेकी, माज्याच तोंडाची चोरी मी कशी करीन गं?" वकील बघत होते. मी हात सोडवून घेतला.

हे तुझ्यापर्यंत पोचणार नाही, म्हणूनच लिहिते. ते चित्र काल्पनिक आहे, कुणा खऱ्या बाईचं नाही, असं प्रतिज्ञापत्र मी सही करून दिलंय. हे नक्की ना, असं वकिलांनी मला दोनदा विचारलं होतं. दोन्ही वेळा मी हो म्हणाले.

सोमवारी कोर्टाचा माणूस वैरागला जाऊन उरलेली पाकिटं सील करणार आहे. ती ओळखून द्यायला मला सोबत जावं लागेल. घरी ती एकटीच असते. दार तीच उघडेल.